गोलपोस्टाशेजारची खुर्ची

ही वही निकासिओ ओलासाबालची आहे. दुसऱ्या कोणी उघडली तर बोटं मोडीन.

११ फेब्रुवारी १९१४, बुधवार

वही बेनिताने आणून दिली. म्हणाली, "दिवसभर मला शिव्या घालतोस, त्या यात घाल. वही उलटून बोलत नाही." बेनिता माझी थोरली बहीण. तिच्याशी वाद घालून आजवर कोणी जिंकलेलं नाही, म्हणून लिहितोय.

तर पहिली शिवी ब्राउलिओ एगुरोलाला. नदीपलीकडच्या उर्बिएता गावाचा बॅक. खाणीत दगड फोडतो, मान बैलाची आणि अक्कलही त्याचीच. एक तारखेला, रविवारी, त्यांच्याच मैदानावर त्याने माझा उजवा गुडघा मोडला. मी त्याला चकवून गेलो होतो, बॉल केव्हाच पुढे गेला होता. तरी हा बूट वर करून आला तो सरळ गुडघ्यावर. पंचाने विचारलं तर छातीवर हात ठेवून म्हणतो, "मी बॉलकडे बघत होतो."

बॉलकडे! मी त्याचे डोळे पाहिलेत. खाटकाचे असतात तसे थंड होते.

त्या दिवशी माद्रिदहून एक साहेब मुद्दाम मला बघायला आले होते. फ्रेंचांशी बोर्दोला खेळायचं, त्यासाठी अकरा जण निवडत होते. आमच्या अल्त्सागा गावाच्या डाव्या विंगरचं, म्हणजे माझं, नाव त्यांच्या कागदावर होतं. आता तो विंगर खाटेवर पडून छताच्या फळ्या मोजतोय. सतरा आहेत.

ब्राउलिओ, तुझाही पाय मोडेन. कसा ते माहीत नाही, पण मोडेन.

१५ फेब्रुवारी, रविवार

संघ मैदानावर, मी खाटेवर. खिडकीतून नुसता आरडाओरडा येतो. डाव्या बाजूला कोण खेळतोय ते ओरडण्यावरूनच कळतं: फाउंड्रीच्या हापिसातला तो कारकुंडा. त्याच्याकडे बॉल गेला की सगळे आधी ओरडतात आणि मग कण्हतात.

संध्याकाळी आमच्या क्लबचे अध्यक्ष डॉन लेआंद्रो आले. अंगात नवा कोट, हातात सफरचंदं. बोर्दोसाठी दुसरा कोणीतरी घेतला म्हणे. मग हळूच म्हणाले, "तू होआकिनाकडे गेला असतास तर...?"

हे मला सगळेच विचारतात, म्हणून एकदाच लिहून टाकतो. आमच्या खोऱ्यात हाड सरकलं, सांधा निखळला तर कोणी डॉक्टरकडे जात नाही. उर्बिएताच्या होआकिनाकडे जातात. लाकूडतोडे जातात, खलाशी जातात, भिंतीवर बॉल मारायचा पेलोटा खेळणारे मोठमोठे खेळाडू जातात, पाद्रीबाबांचं खेचरसुद्धा तिच्याकडून नीट होऊन आलं. माझ्यावर ती वेळ कधी आली नव्हती, मला आयुष्यात साधी लचकसुद्धा भरली नव्हती. त्या दिवशी मला एका दाराच्या फळीवर घालून तिकडेच नेत होते. तिच्या अंगणाशी पोचल्यावर मला आठवलं की होआकिना ही ब्राउलिओची आई. म्हातारी बाह्या सरसावून दारात उभीच होती. मी फळीवरूनच ओरडलो, "लेकाने मोडायचं आणि आईने जोडायचं! छान दुकान काढलंय!" आणि तिच्या पायाशी थुंकलो.

मग मला होडीत घालून आमच्या डॉक्टरकडे आणलं. डॉक्टर चांगला माणूस आहे. बाळंतपणं फार छान करतो.

डॉन लेआंद्रोंना हे सगळं ठाऊक आहे, तरी विचारतात. सफरचंदं आंबट निघाली.

२४ फेब्रुवारी, मंगळवार

कार्निव्हलची मिरवणूक खिडकीखालून गेली. त्यात एकाने माझं सोंग घेतलं होतं. डोक्याला मी बांधतो तसा गाठी मारलेला पांढरा रुमाल, काखेत कुबडी, आणि दर चार पावलांवर भोकाड पसरत होता. रस्ताभर हशा. आमच्याच गावचे लोक! बेनिताही हसली, मग माझ्याकडे बघून तोंडावर पदर धरल्यासारखा हात धरला. मी तिच्यावर चमचा फेकला.

१ मार्च, रविवार

एक महिना झाला. पडून राहण्याचा कंटाळा आला म्हणून बेनिताकरवी वेत भिजवून घेतले आणि खाटेवरच टोपल्या विणायला बसलो. पेलोटा खेळणाऱ्यांच्या हातात बॉल झेलून फेकायला जी लांब, चोचीसारखी टोपली असते ती आमच्या घरात तीन पिढ्या विणली जाते. चेस्टनटच्या पट्ट्यांचा सांगाडा आणि त्यावर वेत. वेत ताणताना ब्राउलिओची मान धरलीय असं समजतो. वीण इतकी घट्ट कधी आली नव्हती.

बेनिता रोज पलीकडे सार्डिनच्या कारखान्यात जाते. नदी ओलांडायला होडी एकच, आणि ती चालवतो गाबिनो, म्हणजे ब्राउलिओचा धाकटा भाऊ. मी तिला म्हटलं, "त्या घराण्याच्या होडीत बसतेस? लाज नाही वाटत?" तर म्हणते, "बरं, उद्यापासून पोहत जाते."

गाबिनोचा एक डोळा नाही. दोन वर्षांपूर्वी आम्ही दोघांनी एकाच बॉलसाठी उडी मारली होती, माझं कोपर जरा वर राहिलं. त्यानंतर तो कधी खेळला नाही. वाईट झालं, पण खेळात लागतं. मी तेव्हा बॉलकडे बघत होतो.

१७ मार्च, मंगळवार

आज प्लास्टर कापलं. आतून जो पाय निघाला तो माझा नव्हताच. काठीसारखा बारीक, वर सुरकुत्या. गुडघा दोन बोटंसुद्धा वाकेना. डॉक्टर चष्मा पुसत म्हणाले, "चालशील. खेळायचं विसर."

विसर म्हणे! घरी येऊन मी उशी दातांत धरून ओरडलो. बेनिता दारात उभी होती. माझ्या त्या काठीसारख्या पायाकडे बघत होती, आणि ती अशी बघते तेव्हा मला भीती वाटते.

१९ मार्च, गुरुवार

सान होसेचा सण, कारखान्याला सुट्टी. तरी बेनिता सकाळीच कुठेशी जाऊन आली आणि येताना एक मातीचं बोळकं घेऊन आली. आत पिवळं मलम. रोझमेरी, मेण आणि कुठल्याशा जनावराची चरबी, असला उग्र वास की डोळ्यांत पाणी यावं.

"हे काय?"

"कारखान्यातल्या एका बाईने दिलं. पाय पुढे कर."

"कोण बाई?"

"तुला सगळ्या बायकांची नावं पाहिजेत का? पाय!"

तिने चोळायला सुरुवात केली आणि मी छताला लागलो. अंगठा असा काही रुतवते, जणू कोणी हातात हात धरून शिकवलंय. आधी वाटीच्या कडेने वरून खाली, मग मागच्या शिरेवर, मग गरम फडकं. मी म्हटलं, "हे कुठे शिकलीस?" म्हणाली, "सार्डिन साफ करून करून बोटं तयार झालीत."

४ एप्रिल, शनिवार

गुडघा अर्धा वाकला! डॉक्टरांनी बघितलं आणि पुन्हा चष्मा पुसला. ते म्हणतात, निसर्गाची करामत. निसर्ग कसला? माझा राग आहे हा. रोज संध्याकाळी बेनिता चोळते तेव्हा मी दात खाऊन एकच नाव घेतो. दुखलं की ब्राउलिओ, फार दुखलं की ब्राउलिओचा बाप. मलमाने काय होतंय? रागानेच सांधा सैल होतोय. असाच राहिला तर सप्टेंबरात पळेन.

बेनिताला हे सांगितलं. ती म्हणाली, "हो तर. तुझा राग बरणीत भरून बाजारात विकायला ठेवू या."

१२ एप्रिल, रविवार, ईस्टर

काठी टेकत चर्चपर्यंत गेलो. लोकांनी वाट करून दिली. एका म्हातारीने मला देवळातल्या मूर्तीसारखा हात लावून बघितला.

परत येतो तर दारात गाबिनो! बेनिताची टोपली घेऊन उभा. मला बघून टोपी काढली. मी म्हटलं, "होडी नदीत असते, इकडे काय काम?" तो म्हणाला, "जड होती टोपली." टोपलीत काय होतं तर दोन अंडी आणि नवं बोळकं. दोन अंड्यांचं ओझं! या घराण्यात ताकद फक्त दुसऱ्याचे गुडघे मोडायला आहे.

बेनिता संध्याकाळभर गुणगुणत होती. भांडी घासताना तिला गाताना मी वर्षानुवर्षांत ऐकलं नव्हतं. सण आहे म्हणून असेल.

२० एप्रिल, सोमवार

आज अंगावर काटा आला, आनंदाने.

खोऱ्याच्या कपाची फायनल तीन मेला. आमच्या मैदानावर अल्त्सागा विरुद्ध उर्बिएता. डॉन लेआंद्रो आमच्या टोपल्यांच्या दुकानात आले, विणायच्या चौकटीवर टोपी ठेवली आणि म्हणाले, "निकासिओ, तू खेळू शकत नाहीस, पण मैदानावर तू पाहिजेस. आमचा गोलजज तू."

म्हणजे अशी पद्धत आहे: गोलला जाळी नसते आणि पंच चाळीस पावलं लांब. बॉल पूर्ण आत गेला की रेषेवरच अडकला हे त्याला काय दिसणार? म्हणून दोन्ही गोलपोस्टांशेजारी एकेक खुर्ची. प्रत्येक क्लबचा एकेक माणूस त्यावर बसतो, तोही समोरच्या संघाच्या गोलपाशी, आणि अर्ध्या वेळेनंतर बाजू बदलल्या की खुर्चीही बदलतो. सामन्याआधी पंचासमोर इमानाची शपथ घ्यायची. मग तो गोल म्हणाला की गोल. त्याच्या शब्दावर कोणी बोलत नाही, बोलायचं नसतं. सामन्यानंतर मंगळवारी दोन्ही अध्यक्षांसमोर त्याने किती गोल दिले ते स्वतःच्या हाताने लिहून सही करायची.

"तुझ्या शब्दावर कोण शंका घेणार?" डॉन लेआंद्रो म्हणाले. "खेळापायी पाय गमावलेला माणूस." आणि त्यांनी डोळा मारला. चर्चमध्ये पहिल्या रांगेत बसणारा माणूस मला डोळा मारून गेला.

मला समजलं. ब्राउलिओच्या मागे, त्याच्या पाठीशी, हातभर अंतरावर मी बसणार. त्याने जिवाच्या आकांताने रेषेवरून बॉल मारून काढायचा आणि मी शांतपणे म्हणायचं, "गोल." कप गेला. सगळ्या खोऱ्यासमोर गेला, आणि कोणामुळे गेला तर माझ्यामुळे. हाडं पुन्हा जुळतात. असली हार जन्मभर जुळत नाही.

पाय मोडण्यापेक्षा हे बरंय. मी आज दोन भाकऱ्या जास्त खाल्ल्या.

२ मे, शनिवार

बेनिताने विचारलं, "खरं खरं सांगशील ना उद्या?"

म्हटलं, "मी इमानाची शपथ घेणार आहे."

"मी ते नाही विचारलं."

ती चोळता चोळता थांबली, मग पुन्हा चोळायला लागली, आज जरा जास्तच जोरात.

३ मे, रविवार

क्रमाने लिहितो.

खुर्ची चर्चमधली होती, उंच पाठीची, बसायला वेताची. शपथ घेतली. पंच सान सेबास्तिआनहून आलेला, कस्टममधला बारीकसा माणूस. मैदानाभोवती माणसाला माणूस चिकटलेला. पहिल्या अर्ध्यात माझ्या बाजूला आमचे दोन गोल झाले, दोन्ही खरे, डोळ्यांत मावणार नाहीत एवढे खरे. दुसऱ्या अर्ध्यात त्यांनी दोन्ही फेडले. दोन-दोन.

दुसऱ्या अर्ध्यात मी समोरच्या खुर्चीवर गेलो, कारण ब्राउलिओही तिकडे गेला होता. त्याच्या उजव्या खांद्याला पट्टी होती, आठवड्यापूर्वी खाणीत दुखावला म्हणे. माझ्याकडे त्याने एकदाही बघितलं नाही. मी मात्र पंचेचाळीस मिनिटं त्याच्या मानेकडेच बघत होतो.

शेवटची दोन-तीन मिनिटं राहिली असतील. कॉर्नर झाला. गर्दीतून कोणाचं तरी डोकं लागलं, गोलकीपर चिखलात आडवा, बॉल घरंगळत रेषेकडे. आणि ब्राउलिओ लांबून उडी मारून आला, पाय लांब केला, बॉल बाहेर भिरकावला आणि स्वतः येऊन आदळला तो माझ्या खुर्चीच्या पायांशी.

बॉल रेषेवर होता. अर्धा चुन्यावर, अर्धा अलीकडे मैदानात. मी बघितला. कोणी कितीही म्हणो, मी बघितला.

आमचे लोक "गोल! गोल!" म्हणून ओरडत होते. पंच धावत आला, धापा टाकत म्हणाला, "गोलजज?"

मी म्हणालो, "गोल."

दोन आठवडे ज्या शब्दाची वाट बघत होतो तो असा चटकन निघून गेला. आणि तो निघाला त्याच वेळी मला वास आला. माझ्या पायाशी पडलेला ब्राउलिओ घामाने निथळत होता, आणि त्याच्या खांद्याच्या पट्टीतून वास येत होता. रोझमेरी, मेण आणि चरबी. तोच. रोज संध्याकाळी माझ्या गुडघ्याला येतो तो.

मैदानात लोक घुसले. ब्राउलिओ उठून बसला. त्यालाही माहीत होतं बॉल कुठे होता, त्याच्याएवढं कोणालाच माहीत नव्हतं. मला वाटलं आता माझा गळा धरतो. धरला असता तर बरं झालं असतं. त्याने तोंडातला चिखल थुंकला आणि माझ्या गुडघ्याकडे बोट करून म्हणाला, "आई म्हणते, जूनात सान हुआनच्या सणापर्यंत चोळायचं सोडू नकोस."

मग आमच्या लोकांनी मला खांद्यावर उचलून घेतलं. गावभर मिरवलं. डॉन लेआंद्रोंनी माझ्या दोन्ही गालांचे मुके घेतले.

४ मे, सोमवार

"कारखान्यातली बाई!" मी बोळकं टेबलावर आपटलं. फुटलं नाही, तिचं सगळंच मजबूत असतं.

बेनिता शांतपणे घेवडा निवडत होती. "मग काय सांगायला पाहिजे होतं? होआकिनाचं म्हटलं असतं तर खिडकीतून फेकलं असतंस."

"तू त्या म्हातारीकडे भीक मागायला गेलीस?"

"भीक नाही मागितली. तुझ्या वतीने माफी मागितली, थुंकल्याची. म्हातारी म्हणाली, थुंकी पुसली जाते, गुडघा आखडला तर आखडला. मग गाबिनोचा गुडघा पुढ्यात घेऊन मला शिकवलं. सहा वेळा गेले, तेव्हा कुठे अंगठा बरोबर बसायला लागला."

"गाबिनोचा गुडघा!"

"बरा आहे त्याचा गुडघा," बेनिता म्हणाली आणि कानापर्यंत लाल झाली. एवढं झालं तेव्हा मला ती अंड्यांची टोपली आठवली. मी गाढव आहे. गाढवाला तरी वास लवकर येतो.

"ब्राउलिओला माहीत होतं?"

"त्याच्याच घरात शिजायचं ते मलम. रानातून रोझमेरी तोच आणायचा. आई सांगायची म्हणून, आवडीने नाही."

मी जेवलो नाही. खिडकीखालून जाणारे लोक माझ्या नावाने ओरडत होते, काहीतरी चांगलंच ओरडत होते.

५ मे, मंगळवार

सकाळी नदीवर गेलो. गाबिनोने होडी पुढे ओढली. मधोमध गेल्यावर त्याच्या त्या बंद डोळ्याकडे मी पहिल्यांदाच नीट बघितलं. दोन वर्षं मी नजर दुसरीकडे वळवत होतो. म्हटलं, "गाबिनो, त्या दिवशी माझं कोपर..."

"वर होतं," तो म्हणाला. "मला दुसऱ्या डोळ्याने दिसलं होतं." आणि वल्ही मारत राहिला.

होआकिना अंगणात कोंबड्यांना दाणे टाकत होती. मला बघून म्हणाली, "बस. पाय."

बसलो. तिने गुडघा हातात घेतला, दाबला, वाकवला, कान लावल्यासारखी ऐकत राहिली. "बहिणीचा हात चांगला आहे. पळशील. सप्टेंबरात."

तीन महिने ज्यासाठी रात्रंदिवस तळमळलो ते ती कोंबड्यांकडे बघत बोलून गेली. मला रडू फुटायला लागलं, म्हणून घाईने म्हटलं, "मावशी, परवा मी खोटं बोललो. गोल नव्हता."

"माहितीय. मी गोलच्या मागेच उभी होते."

"मग काल गावभर सांगितलं का नाही?"

तिने माझा पाय खाली टाकला, हळू नाही, टाकलाच.

"कुणाकुणाचं सांगू? माझ्या गाबिनोचा डोळा गेला तेव्हा तू म्हणालास, मी बॉलकडे बघत होतो. तुझा गुडघा मोडून हा माझा धोंडा घरी आला आणि म्हणाला, मी बॉलकडे बघत होतो. मी त्याला म्हटलं, मेल्या, मी तुला जन्म दिलाय, मला सांगतोस? दोन वर्षं तू त्या निकासिओच्या गुडघ्याकडे बघत होतास. आणि परवा, जिथे खुर्चीत बसून नुसतं बॉलकडेच बघायचं होतं, तिथे तू काय बघत होतास? माझ्या पोराची मान! अरे, तुम्ही दोघं बॉलकडे बघणार तरी कधी?"

ब्राउलिओ दारात उभा होता. केव्हापासून, देव जाणे. आम्ही एकमेकांकडे बघितलं. त्याचे डोळे अजून मला आवडत नाहीत. माफी त्यानेही मागितली नाही, मीही नाही. म्हातारीने दोघांकडे बघून दाण्यांची पाटी आदळली आणि आत निघून गेली.

दुपारी बारा वाजता सहीला गेलो. टेबलापलीकडे डॉन लेआंद्रो आणि उर्बिएताचे अध्यक्ष. पंचाचा कागद मध्ये. डॉन लेआंद्रोंनी स्वतः टाक शाईत बुडवून माझ्या हातात दिला. मी लिहिलं: "दोन गोल. तिसऱ्या वेळी बॉल रेषेवर होता. मी खोटं सांगितलं. निकासिओ ओलासाबाल."

डॉन लेआंद्रोंनी दोनदा वाचलं. मग माझ्या कानाशी येऊन म्हणाले, "दगाबाज. या गावात तुझ्या टोपलीत आता कोण हात घालतो ते बघतोच."

मी म्हटलं, "डोळा मारा की आता."

८ मे, शुक्रवार

तीन दिवसांत विणायचं एकही काम आलं नाही. दिलेली दोन परत आली, एक तर पायाने तुडवून. कोणीतरी दुकानात माशांची डोकी फेकली. ज्यांनी रविवारी खांद्यावर घेतलं तेच आता रस्ता ओलांडून पलीकडून जातात. आज सकाळी दार उघडलं तर उंबऱ्यात ती चर्चमधली खुर्ची. उजवा पुढचा पाय करवतीने गुडघ्याएवढ्या उंचीवर कापलेला.

कोणी केलं ते मला माहीत आहे. करवत फक्त दोघांकडे आहे आणि दुसरा आजारी आहे. त्या कारकुंड्याचं नाव लिहून ठेवतो. संघात माझी जागा घेतलीस, बाळा, सप्टेंबरात परत घेईन.

चेस्टनटच्या लाकडाचा नवा पाय बसवला. बसायची वीणही सैल होती, ती नव्याने विणली.

१७ मे, रविवार

पत्र आलं. गोल रद्द, दोन-दोन बरोबरी, फायनल पुन्हा. बोनितो माशांच्या मोसमात दोन्हीकडचे निम्मे खेळाडू समुद्रावर असतात, म्हणून तारीख सत्तावीस सप्टेंबर. मैदान उर्बिएताचं. आमच्या गावाला आता अडचण अशी आहे की डाव्या बाजूला खेळायला त्या कारकुंड्याशिवाय दुसरा कोणी नाही. डॉन लेआंद्रो आज दुकानावरून दोनदा गेले. दुसऱ्या वेळी टोपीला हात लावला. मी लक्ष दिलं नाही. अजून चार-पाच वेळा जाऊ देत.

त्या खुर्चीवर बसूनच हे लिहितोय. चर्चने परत मागितलेली नाही.

दुपारी बेनिता पलीकडून आली. हल्ली रविवारीही तिला पलीकडे काम असतं. बोळकं माझ्यापुढे ठेवून म्हणाली, "ब्राउलिओने निरोप दिलाय."

"काय म्हणतो तो बैल?"

"म्हणाला, सांग त्याला, सत्तावीस तारखेला या खेपेला डावा गुडघा."

मी हसलो. फेब्रुवारीपासून पहिल्यांदा हसलो, खुर्ची करकरली इतका हसलो. मग काठी बाजूला ठेवून उभा राहिलो, गुडघा पूर्ण वाकवला, पूर्ण सरळ केला.

"बेनिता, उद्या होडीत बसलीस की गाबिनोला सांग, त्याने आईला सांगावं, यंदा मलम जास्त करून ठेव. दोन घरांना लागणार आहे."